घटक ६ : नरक, यमकोंड आणि ‘सार्वकालिक शिक्षा’

६.० उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर तुम्हाला ‘नरक’ या शब्दाची व्युत्पत्ती आणि मराठीतील अर्थविस्तार सांगता येईल. भारतीय परंपरांतील मुदतीचा नरक आणि ख्रिस्ती धर्मविचारातील अनंत शिक्षा यांतील भेद शब्दांच्या आधारे स्पष्ट करता येईल. एखादी धर्मकल्पना एका भाषेतून दुसऱ्या भाषेत येताना तिचे काय होते, याचे विवेचनही करता येईल.

६.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकात आपण ‘धर्म’, ‘पाप’ आणि ‘पुण्य’ या शब्दांचा विचार केला. पापाचा विचार शिक्षेपर्यंत येतोच, आणि शिक्षेचा विचार आला की दोन प्रश्न उभे राहतात : शिक्षा कोठे भोगायची आणि किती काळ भोगायची? पहिल्या प्रश्नाने पुराणकारांना, चित्रकारांना आणि कीर्तनकारांना भरपूर सामग्री पुरवली. भाषेच्या अभ्यासकाला मात्र दुसरा प्रश्न अधिक महत्त्वाचा वाटतो, कारण तेथे सगळा भार एखाद्या विशेषणावर किंवा क्रियाविशेषणावर पडतो. ‘पुष्कळ काळ’ आणि ‘सर्वकाळ’ यांत व्याकरणाच्या दृष्टीने फारसा फरक नाही. ज्याच्यावर शिक्षेची वेळ येते, त्याच्या दृष्टीने मात्र सगळा फरक तेवढाच आहे.

नरक खरोखर आहे की नाही, हा या घटकाचा विषय नाही. मराठी बोलणाऱ्या समाजाने ही कल्पना कोणत्या शब्दांत बांधली आणि त्या शब्दांनी पुढे माणसांना कसे बांधले, एवढेच येथे पाहावयाचे आहे.

६.२ ‘नरक’ : शब्द आणि त्याचा अर्थविस्तार

यास्कांच्या ‘निरुक्त’ या ग्रंथात ‘नरक’ शब्दाच्या दोन व्युत्पत्ती दिल्या आहेत. एकीनुसार नरक म्हणजे खाली जाणे. दुसरीनुसार जेथे रमण्यासारखे अल्पही स्थान नाही ते ठिकाण. दुसरी व्युत्पत्ती ध्वनीच्या ओढाताणीतून आलेली आहे, पण कल्पना म्हणून ती मोठी मार्मिक आहे. तीत आग नाही, उकळते तेल नाही. फक्त जीव रमेल अशी जागा नाही. आधुनिक तौलनिक भाषाविज्ञानातील काही अभ्यासकांनी ‘खालचा’ या अर्थाच्या ‘नेर्तेरॉस’ या ग्रीक शब्दाशी ‘नरक’चा संबंध सुचवला आहे. तो मान्य केल्यास यास्कांची पहिली व्युत्पत्ती निदान अर्थाच्या दिशेने बरोबर ठरते.

ऋग्वेदात नरकाची कल्पना अस्पष्ट आहे. तेथील यम हा शिक्षा देणारा अधिकारी नसून मरणाची वाट सर्वप्रथम चाललेला, पितरांचा राजा आहे. ‘नारक लोक’ असा उल्लेख अथर्ववेदात येतो. चित्रगुप्ताची वही, पाश घेतलेले दूत आणि वैतरणी हा सगळा संसार नंतरचा आहे. मराठीत मात्र तोच रूढ झाला. यमयातना, यमदूत, यमपुरी, यमसदनी धाडणे, पापाचा घडा भरणे हे शब्दप्रयोग आपण पुराण न वाचताही सहज वापरतो.

नरक चतुर्दशीचा ‘नरक’ मुळात एका असुराचे नाव आहे. तरीही पहाटे अभ्यंगस्नान केले नाही तर नरकात जावे लागेल, अशी भीती कोकणातल्या घरांत मुलांना आजही घातली जाते, आणि अंगणात पायाच्या अंगठ्याखाली कारीट फोडले जाते. व्यक्तिनाम आणि स्थाननाम यांच्या उच्चारसाम्यामुळे दोन वेगळ्या कथा एका सणात एकत्र आल्या आहेत.

मराठी बोलींत ‘नरक’ या शब्दाला आणखी एक अर्थ चिकटला आहे : घाण, विष्ठा. पुराणांतील काही नरक विष्ठा, पू आणि रक्त यांनी भरलेले असल्यामुळे स्थानाचे नाव तेथील पदार्थाला मिळाले असावे. आधाराचे नाव आधेयाला लागण्याची ही क्रिया लक्षणेच्या प्रकरणात तुम्ही पाहिली आहे. तिचे सामाजिक परिणाम काय झाले, याकडे आपण ६.८ मध्ये परत येऊ.

६.३ मुदतीचा नरक

मनुस्मृतीच्या चौथ्या अध्यायात २१ नरकांची यादी येते. गंमत अशी की त्यांतील एकाचे नावच ‘नरक’ आहे, म्हणजे जातिवाचक शब्द आणि विशेषनाम एकाच यादीत नांदतात. ही यादी कोणासाठी आहे, हे सहसा सांगितले जात नाही. शास्त्र मोडून वागणाऱ्या लोभी राजाकडून दान स्वीकारणाऱ्याला या २१ नरकांतून क्रमाने जावे लागते, असे तेथे म्हटले आहे. म्हणजे या स्थळी धाक दान घेणाऱ्या विद्वानाला घातला आहे.

भागवत पुराणाच्या पाचव्या स्कंधाच्या शेवटच्या अध्यायात ही संख्या २८ होते. तेथे प्रत्येक अपराधाला वेगळा नरक आहे. जिवंत पशुपक्ष्यांना शिजवणाऱ्यासाठी कुंभीपाक, तर इतरांना छळून केवळ स्वतःचे कुटुंब पोसणाऱ्यासाठी रौरव. तेथे ज्यांना छळले तेच जीव ‘रुरु’ नावाचे क्रूर प्राणी होऊन त्याला छळतात. आपण बोलताना ‘रौरव नरक’ म्हणजे नुसता भयंकर नरक समजतो. पण या नावात ज्याला दुखावले त्यानेच हिशेब मागावा, अशी न्यायाची एक कल्पना दडलेली आहे.

मात्र या सर्व वर्णनांना एक शेवट आहे. भोग संपला की उरलेले कर्म घेऊन जीव पुन्हा पृथ्वीवर येतो. कर्म मर्यादित असल्यामुळे फळही मर्यादितच असणार, असा हा विचार आहे. पुण्य संपल्यावर स्वर्गातून खाली यावे लागते, तसे पाप संपल्यावर नरकातूनही सुटता येते. नरक हा तुरुंग आहे, पण जन्मठेप नाही.

याचा पुरावा केवळ पुराणांत नाही, तर आपल्या पायाखालच्या जमिनीत आहे. आज ज्या भूभागावर नवी मुंबई वसली आहे, त्या उत्तर कोकणावर शिलाहारांचे राज्य होते. भूमिदानाच्या ताम्रपटांच्या शेवटी भारतभर एक ठरलेला शापश्लोक येतो. त्याचा आशय असा : भूमी देणारा ६०,००० वर्षे स्वर्गात राहतो आणि ती हिरावून घेणारा किंवा त्याला संमती देणारा तितकीच वर्षे नरकात राहतो. राजाला आपले दान चंद्रसूर्य असेपर्यंत टिकावे असे वाटते, पण ते मोडणाऱ्याला तो ६०,००० वर्षांचीच शिक्षा सांगतो. या संख्येकडे नीट पाहा. ती प्रचंड आहे, तरीही ती संख्या आहे, आणि संख्या संपते.

याच प्रदेशात ‘गधेगळ’ नावाचे कोरीव दगड सापडतात. दान मोडणाऱ्याच्या आईची गाढवाकडून विटंबना व्हावी, असा शाप त्यांवर चित्राने आणि कधी शब्दांनीही दिलेला असतो. इ. स. ११८७ च्या परळ येथील शिलाहारकालीन शिलालेखात संस्कृत मजकुरानंतर हा शाप उघड मराठीत येतो. मराठी भाषेच्या इतिहासासाठी हा लेख महत्त्वाचा आहेच. आपल्या विषयासाठीही तो बोलका आहे. संस्कृत श्लोकातील नरक गावातल्या माणसापर्यंत पोहोचत नसावा किंवा पोहोचूनही पुरेसा भिववत नसावा. म्हणून मरणानंतरच्या शिक्षेच्या जागी याच जन्मातील बेअब्रू आली, आणि ती त्याच्या भाषेत आली. अपराध एकाचा आणि विटंबना त्याच्या आईची, ही गोष्टही नजरेआड करू नये. आपल्या भाषेतील शिव्यांचा पाया किती जुना आहे, हे त्यावरून कळते.

*स्वयंअध्ययन प्रश्न १ : ‘अजस्र’ या शब्दाचा मराठीतील आणि संस्कृतमधील अर्थ कोशात पाहून लिहा. (पुढील ६.५ वाचण्यापूर्वी हा प्रश्न सोडवावा.)*

६.४ संतांनी नरक कोठे नेला

भगवद्गीतेच्या सोळाव्या अध्यायात काम, क्रोध आणि लोभ यांना नरकाची तीन दारे म्हटले आहे. इ. स. १२९० मध्ये पूर्ण झालेल्या ज्ञानेश्वरीत या स्थळाचे विवेचन वाचताना तुमच्या लक्षात येईल की नरक भूगोलातून उठून मनात येतो. दारे आत आहेत. ती उघडण्यासाठी मरण्याची आवश्यकता नाही.

संतवाङ्मयात शिक्षेची खरी जागा नरकापेक्षा गर्भवास ही आहे. चौऱ्यांशी लक्ष योनींचा फेरा, पुन्हा मातेच्या उदरातील कोंडमारा, पुन्हा जन्म, ही भीती वारकरी कीर्तनातून सतत ऐकू येते. मग तुकोबा एका प्रसिद्ध अभंगात देवाचा विसर पडू नये एवढेच मागतात, मोक्ष नको म्हणतात आणि त्या बदल्यात खुशाल गर्भवासाला घाला असे सांगतात. ज्याला सगळे शिक्षा म्हणतात तीच ते मागून घेतात. शिक्षेच्या संपूर्ण व्यवस्थेला दिलेला याहून सौम्य आणि याहून कठोर नकार मला मराठीत दुसरा दिसत नाही. ‘नरक नाही’ असे तुकोबा येथे म्हणत नाहीत. भीतीपोटी केलेल्या भक्तीला ते नकार देतात.

६.५ एक अपवाद : अंधतमस

‘हिंदू परंपरेत अनंत नरक नाही’ असे विधान परीक्षेत पुष्कळदा लिहिले जाते. ते बहुतांशी बरोबर आहे, पूर्णतः नाही. द्वैतमताचे प्रवर्तक मध्वाचार्य (१२३८–१३१७) यांनी जीवांचे तीन वर्ग मानले : मुक्तियोग्य, नित्यसंसारी आणि तमोयोग्य. तिसऱ्या वर्गातील जीव अखेरीस ‘अंधतमस’ या दुःखात जातात आणि तेथून परतत नाहीत. सोलापूर, सांगली, कोल्हापूर, बेळगाव या पट्ट्यात माध्व संप्रदायाची मराठी आणि मराठी-कानडी द्विभाषिक कुटुंबे आहेत. तेव्हा हा विचार मराठी भाषकांना परका नाही.

या मताला गीतेच्या सोळाव्या अध्यायातील ज्या वचनांचा आधार दिला जातो, त्यांत द्वेष्ट्या जीवांना भगवंत ‘अजस्र’ आसुरी योनींत टाकतो असे म्हटले आहे. संस्कृतमध्ये ‘अजस्र’ म्हणजे अखंड, न थांबता. हे ‘अखंड’ म्हणजे कायमचे, की जोवर द्वेष आहे तोवर? भाष्यकारांचे मतभेद येथे सुरू होतात. मराठीत हाच शब्द ‘प्रचंड मोठा’ या अर्थाने रूढ झाल्यामुळे (अजस्र यंत्र, अजस्र लाट) आजच्या मराठी वाचकाला वाद कशावरून आहे हेच कळत नाही. काळवाचक शब्द आकारवाचक झाला, आणि एका तात्त्विक वादाचे मूळ आपल्या कानांआड गेले.

माणसाला वाचवणारा किंवा बुडवणारा अर्थ कधी कधी एका समासावर अवलंबून असतो. काही वर्षांपूर्वी बेलापूर परिसरातील एका संपर्कसत्रात रुग्णसेवेत काम करणारी एक विद्यार्थिनी वर्ग संपल्यावर थांबली. तिच्या भावाने जीव दिला होता. “सर, आजी म्हणते, जीव देणाऱ्याला सुटका नसते, पोथीत तसं लिहिलंय. नेमकं कुठे लिहिलंय ते मला दाखवाल का?” असे तिने विचारले. आजींच्या म्हणण्यामागे बहुधा ईशावास्य उपनिषदातील तिसरा मंत्र होता. ‘आत्महन’ माणसे मरणानंतर गडद अंधाराने वेढलेल्या लोकांत जातात, असे तो सांगतो. लोकसमजुतीत ‘आत्महन’ म्हणजे आत्महत्या करणारा. शंकराचार्यांच्या भाष्यात मात्र हा अर्थ नाही. स्वतःच्या आत्मस्वरूपाविषयी अज्ञानात राहणारे ते ‘आत्महन’, असे ते सांगतात. म्हणजे त्यांच्या मते हा शब्द तुम्हाआम्हा बहुतेकांना लागू आहे. शिवाय त्या मंत्रात ‘परत येत नाहीत’ असे कोठेही म्हटलेले नाही. मी तिला मंत्र आणि भाष्य दोन्ही वहीत उतरवून दिले. धर्मनिर्णय देण्याचा अधिकार भाषेच्या शिक्षकाला नाही. शब्दात जे नाही ते नाही, एवढे मात्र त्याने निःसंदिग्धपणे सांगावे. आत्महत्येसंबंधी ख्रिस्ती परंपरेतही पूर्वी अत्यंत कठोर भूमिका होती. १९९२ च्या कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथात मात्र अशा व्यक्तींच्या तारणाविषयी निराश होऊ नये आणि चर्च त्यांच्यासाठी प्रार्थना करते, असे नमूद केले आहे.

६.६ गोव्यातील भाषांतर : वैकुंठ आणि यमकोंड

आता आपण जेथे दोन कल्पना एकाच भाषेत समोरासमोर आल्या, त्या ठिकाणी येऊ. इंग्लंडमधील विल्टशायर परगण्यात १५४९ मध्ये जन्मलेले येशूसंघीय धर्मगुरू थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यास आले आणि १६१९ मध्ये तेथेच वारले. त्यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये गोव्यातील राशोल येथे रोमन लिपीत छापले गेले. सुमारे ११,००० ओव्यांचा हा ग्रंथ आहे. नवख्रिस्ती समाजाला जुनी पुराणे बंद झाली होती. त्यांच्या जागी काहीतरी द्यावे, ही गरज ग्रंथाच्या आरंभीच एका श्रोत्याच्या तोंडून मांडली आहे.

स्टीफन्स यांच्यापुढील पेच लक्षात घ्या. ख्रिस्ती स्वर्ग आणि नरक यांसाठी लॅटिन किंवा पोर्तुगीज शब्द तसेच ठेवावेत, तर श्रोत्याला काहीच कळणार नाही. मराठी शब्द घ्यावेत, तर त्यांच्याबरोबर विष्णू आणि यम दोघेही आत येणार. त्यांनी दुसरा धोका पत्करला आणि ख्रिस्ती स्वर्गाला ‘वैकुंठ’ म्हटले. नरकासाठी गोव्याच्या ख्रिस्ती समाजात यमाचेच नाव रुजले. कोकणी बोलणारे कॅथलिक आजही नरकाला ‘यमकोंड’ म्हणतात. विश्वास ख्रिस्ती आहे, सैतानही ख्रिस्ती आहे, पण शिक्षेच्या ठिकाणाचे नाव अजून यमाच्याच मालकीचे आहे.

‘कोंड’ हे ‘कुंड’चे रूप आहे. जोडाक्षरापूर्वीच्या ‘उ’चा ‘ओ’ होणे ही प्राकृतांतील परिचित प्रक्रिया होय : तुंड–तोंड, पुस्तक–पोथी. कोकणातल्या ऐकणाऱ्याच्या कानाला त्यात ‘कोंडणे’ हे क्रियापदही ऐकू येत असणार. व्युत्पत्ती म्हणून मी त्यावर भर देणार नाही, पण जेथून सुटका नाही अशा जागेला हे नाव फार चपखल बसते.

पेच मात्र सुटला नाही. यमाकडे गेलेला जीव भोग संपल्यावर परत येतो, हे त्या शब्दाच्या हाडीमासी होते. नव्या धर्माचे म्हणणे होते की यमकोंडात गेलेला परत येत नाही. शब्द जुना आणि मुदत नवी! मुदतीची शिक्षा कॅथलिक मतातही आहे, पण ती ‘पुर्गातोर’ या वेगळ्या स्थानी. तेथे आत्मा शुद्ध होतो आणि पुढे जातो. या स्थानासाठीचे लॅटिन नाम बाराव्या शतकात रूढ झाले, असे फ्रेंच इतिहासकार जाक ल गॉफ यांनी दाखवले आहे. पौराणिक नरकाचे काम ख्रिस्ती व्यवस्थेत खरे म्हणजे पुर्गातोर करते. नाव मात्र अनंत शिक्षेच्या जागेला मिळाले. म्हणून पितरांसाठी पिंड देणाऱ्या समाजाला २ नोव्हेंबरचा मृतात्म्यांचा दिवस परका वाटला नसावा. आपण काही केले तर गेलेल्याचे दुःख कमी होते, ही खात्री दोन्हीकडे आहे.

६.७ ‘सार्वकालिक’

मराठी बायबलची परंपरा एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी, श्रीरामपूरच्या विल्यम केरी यांच्यापासून सुरू होते. आज प्रचलित असलेल्या प्रॉटेस्टंट मराठी बायबलमध्ये एक काटेकोरपणा आढळतो. हिब्रूतील ‘शेओल’, म्हणजे सर्व मृतांचे अंधुक स्थान, यासाठी ‘अधोलोक’ हा शब्द आहे आणि ‘गेहेन्ना’साठी ‘नरक’ आहे. १६११ च्या प्रसिद्ध इंग्रजी भाषांतरात या दोन्हींसाठी अनेक ठिकाणी एकच शब्द वापरल्यामुळे जो घोटाळा झाला, तो मराठी वाचकाच्या वाट्याला आला नाही.

‘गेहेन्ना’ हे मुळात एका दरीचे नाव. यरुशलेमच्या दक्षिणेला हिन्नोमची दरी आहे. तेथे कधीकाळी मुलांचे बळी दिले जात, म्हणून यिर्मया संदेष्ट्याने तिच्यावर कोरडे ओढले. शापित जागेचे नाव पुढे शिक्षेच्या जागेला मिळाले. अरबीतील ‘जहन्नम’ हा याच नावाचा भाऊबंद. ‘गेला जहन्नममध्ये’ असे एखादा मराठी माणूस चिडून म्हणतो, तेव्हा तो नकळत यरुशलेमजवळच्या एका दरीचे नाव घेत असतो.

खरा कस लागतो तो मत्तयाच्या शुभवर्तमानातील पंचविसाव्या अध्यायाच्या शेवटी. तेथे शिक्षा आणि जीवन या दोहोंना एकच ग्रीक विशेषण लावले आहे : ‘आयोनिऑस’. मराठीत त्यासाठी ‘सार्वकालिक’ हा शब्द रूढ झाला. सर्व + काल + इक, अर्थ निःसंदिग्ध. मूळ शब्द मात्र तितका निःसंदिग्ध नाही. ‘आयॉन’ म्हणजे युग, आयुष्यमर्यादा, दीर्घ काळ. त्यावरून साधलेले विशेषण ‘युगाचे’, ‘येणाऱ्या युगातील’ आणि ‘अनंत’ असे तिन्ही अर्थ वाहू शकते. तिसऱ्या शतकातील ऑरिजेन यांनी शेवटी सर्व जीव देवाकडे परततील असा विचार मांडला. सहाव्या शतकात त्यांच्या नावावरील या मताचा निषेध झाला. पाचव्या शतकात ऑगस्टीन यांनी प्रतिवाद केला तो वाक्यरचनेच्या आधारे : एकाच वाक्यात एकच विशेषण दोनदा आले आहे, जीवन अनंत मानता, तर शिक्षाही अनंत माना. युक्तिवाद बळकट आहे, हे मान्य करावे लागते. तरी ‘एका वाक्यातील एक विशेषण दोन नामांशी एकाच मापाने जुळते’ हे गृहीतक तपासण्यासारखे आहे. ‘मोठी मुंगी आणि मोठा हत्ती’ असे म्हणताना आपण दोघांना एका मापाने मोजत नाही.

मराठी विद्यार्थ्यासाठी यात एक जवळचा धागा आहे. ‘आयॉन’ आणि संस्कृत ‘आयुस्’ एकाच इंडो-युरोपीय मुळातून आले आहेत. म्हणजे ज्या शब्दावर अनंत नरकाचा डोलारा उभा आहे, तो शब्द आपल्या ‘आयुष्या’चा नातेवाईक आहे, आणि आयुष्य, आपण जाणतोच, मोजके असते. व्युत्पत्ती हा अर्थाचा अंतिम पुरावा नव्हे, हे पहिल्या घटकात सांगितले आहे, ते येथेही लागू आहे. पण ‘सार्वकालिक’ या शब्दाने वाचकापुढून पर्यायच काढून घेतला, हे खरे.

शब्दांविषयीची अशीच सावधगिरी पंडिता रमाबाईंनी बाळगली. त्यांनी हिब्रू आणि ग्रीक शिकून मुळावरून संपूर्ण बायबल सोप्या मराठीत आणले. हिंदू कल्पनांची छाया असलेले शब्द शक्यतो टाळण्याकडे त्यांचा कटाक्ष होता, म्हणजे स्टीफन्स यांच्या नेमकी उलट वाट. रमाबाई १९२२ मध्ये वारल्या. ग्रंथ १९२४ मध्ये केडगावच्या मुक्तिसदनातून प्रसिद्ध झाला. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचे ‘सुबोध बायबल’ (२०१०) ही याच परंपरेतील अलीकडची मोठी कृती. तीनही भाषांतरांतील एकच उतारा शेजारी ठेवून वाचल्यास या घटकाचा निम्मा अभ्यास आपोआप होईल.

शेजारच्या परंपरांचा येथे धावता उल्लेख पुरे. पनवेलला १८४९ चे बेथ एल सिनेगॉग आहे. मराठी बोलणारे बेने इस्राएल ज्यू तेथे प्रार्थना करीत आले. ज्यू धर्मगुरूंच्या परंपरेत गेहेन्नामधील शिक्षा सामान्यतः जास्तीत जास्त १२ महिन्यांची मानली आहे. म्हणूनच मुलाने वडिलांसाठी ‘कद्दिश’ म्हणायचे ते ११ महिने. पूर्ण १२ म्हटले तर वडील अगदी पापी होते असे सुचवल्यासारखे होईल! पारशांच्या धर्मग्रंथांनुसार जगाच्या अंती नरकही शुद्ध होऊन संपतो. ‘दोजख’ हा फारसी शब्द त्यांच्याच अवेस्तातील ‘दुष्ट अस्तित्व’ या अर्थाच्या शब्दावरून आला आहे. जैन मतात सात नरकभूमी आहेत. पहिलीत किमान आयुष्य १०,००० वर्षे, सातवीत कमाल ३३ सागरोपम. काळ कल्पनेपलीकडचा, तरीही मोजलेला. बौद्धांचा अवीची नरकही असाच दीर्घ पण सांत आहे. इस्लाममध्ये नरकाचे अनंतत्व हे बहुमत असले, तरी इब्न तैमिया आणि त्यांचे शिष्य इब्न कय्यिम यांनी चौदाव्या शतकात त्याच्या अंताची शक्यता विचारात घेतली होती.

*स्वयंअध्ययन प्रश्न २ : ‘अनंत’, ‘नित्य’, ‘शाश्वत’, ‘अक्षय’, ‘सार्वकालिक’ हे पाच शब्द ‘शिक्षा’ आणि ‘सुख’ या दोन नामांपूर्वी ठेवून पाहा. कोणते संयोग मराठीत सहज वाटतात आणि कोणते खटकतात? ‘अक्षय शिक्षा’ का खटकते?*

६.८ नरक कोणासाठी?

शिक्षा मुदतीची असली की मुदत कमी करण्याचा मार्गही निघतो, आणि मार्ग निघाला की मार्गावर जकात बसते. गरुडपुराणातील वैतरणी ओलांडण्यासाठी गोदान, पिंडदान, दहाव्या-तेराव्याचा खर्च : गेलेल्याच्या यातनांचे वर्णन जितके तपशीलवार, तितका मागे राहिलेल्यांचा हात सैल. ही टीका मराठीत जोतीराव फुले यांनी स्पष्ट शब्दांत केली. त्यांच्या मृत्यूनंतर १८९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ या ग्रंथात स्वर्ग, पाप, पुण्य यांचा विचार प्रश्नोत्तरांतून येतो. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या अनुयायांना दिलेल्या २२ प्रतिज्ञांत श्राद्ध आणि पिंडदान न करण्याची प्रतिज्ञा आहे. नरक आहे की नाही, या वादात तीत वेळ घालवलेला नाही. नरकाच्या भीतीवर चालणारा व्यवहार बंद केला आहे. शेतमजुराच्या घरात मरणापाठोपाठ येणारे कर्ज ज्यांनी पाहिले आहे, त्यांना या एका प्रतिज्ञेचे वजन कळेल.

आता ६.२ मधील दुसऱ्या अर्थाकडे येऊ. विष्ठेला ‘नरक’ म्हणणाऱ्या समाजाने ती उचलण्याचे काम काही जातींच्या माथी मारले. पुराणात नरक हे पाप्याचे ठिकाण होते. येथे ते निष्पाप माणसाचे रोजचे काम झाले. त्यातही ‘हे मागील जन्माचे फळ’ असा खुलासा तयार होताच, म्हणजे शिक्षा आधी आणि गुन्हा कल्पनेने मागाहून. हाताने मैला उचलण्याच्या प्रथेविरुद्ध १९९३ मध्ये आणि पुन्हा २०१३ मध्ये कायदा करावा लागला. नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ (१९७२) वाचताना मराठी वाचक हादरला, त्याचे एक कारण हे की मरणानंतरचा म्हणून शिकवलेला प्रदेश त्या कवितेत मुंबईच्या नकाशावर सापडतो.

६.९ उपक्रम

आपल्या घरातील किंवा परिसरातील साठ वर्षांवरील तीन व्यक्तींशी बोला. शक्य असल्यास त्यांची बोली किंवा धर्मपरंपरा वेगवेगळी असावी. नवी मुंबईत एका मजल्यावर आगरी, मालवणी, वऱ्हाडी आणि गोव्याची कोकणी बोलणारे शेजारी मिळतात. तेव्हा ही अट जड जाऊ नये. मरणानंतरच्या शिक्षेसाठी ते कोणते शब्द वापरतात, तिच्या मुदतीविषयी काय सांगतात आणि ते कोणाकडून ऐकले, याची नोंद त्यांच्याच उच्चारांत करा. प्रमाण मराठीत ‘सुधारून’ लिहू नका. ज्या घरात वर्षभरात मृत्यू झाला असेल, तेथे हा विषय काढू नये. नोंदी दोन ते तीन पानांच्या असाव्यात आणि पुढील संपर्कसत्रात सोबत आणाव्यात.